बेक्ड चिकनवर संत्रं-लिंबू आणि बदामाचा सॉस: रस आधी घालायचा की शेवटी?

सायसाखर

नमस्कार मंडळी, रविवारी आठ जण जेवायला येतायत आणि मला बेक्ड चिकन करायचंय, सोबत संत्र्या-लिंबाचा आणि बदाम किंवा काजूचा सॉस, म्हणजे आंबटगोड पण दाटसर, चमच्याला धरेल असा. चिकन बेक करायची सवय आहे, मिक्सरही चांगला आहे, पण हे दोन्ही एकत्र कसं बसवायचं ते कळत नाहीये कारण जेवढ्या रेसिपी वाचल्या तेवढी मतं दिसली. एक म्हणते चिकन रात्रभर संत्र्याच्या रसात बुडवून ठेवा, दुसरी म्हणते अर्ध्या तासाच्या वर अजिबात नको. एकीत सगळा सॉस ट्रेमध्ये ओतून वर चिकन ठेवून बेक केलंय, दुसरीत सॉस गॅसवर वेगळा. कुणी संत्र्याच्या चकत्या सालीसकट चिकनखाली अंथरतं आणि खाली कमेंटमध्ये चारपाच जणांनी लिहिलंय की सॉस कडू झाला.

तर मला मुळात हे समजून घ्यायचंय की रस नेमका कधी घालायचा, कडवटपणा कुठून येतो, आणि बदाम घ्यावेत की काजू की अक्रोड. आंबट घातल्यावर हा सॉस दुधासारखा फाटतो का? आणि पीस कुठले घेऊ, ब्रेस्ट की मांडीचे? नुसती रेसिपी नकोय, का ते पण सांगा प्लीज, म्हणजे ऐनवेळी काही बिघडलं तर सावरता येईल.

मंदआच

छान प्रश्न आहे, आणि "का" विचारलंत म्हणून सविस्तर लिहितो. माझं मत अगदी ठाम आहे, चिकन आणि सॉस वेगवेगळे शिजवा आणि वाढताना एकत्र आणा. ओव्हनमध्ये आपल्याला कोरडी उष्णता हवी असते, त्यानेच कातडी कुरकुरीत होते आणि वरून तो खमंग तपकिरी रंग येतो. ट्रेमध्ये सॉस ओतला की ती कोरडी उष्णता गेली, खाली वाफ तयार होते आणि चिकन बेक व्हायच्या ऐवजी उकडल्यासारखं होतं. शिवाय संत्र्याच्या रसात साखर असते, ती ट्रेच्या कडेला चाळीस मिनिटं तापत राहिली की करपते, आणि तुम्ही वाचलेल्या त्या कडू सॉसमधला अर्धा कडूपणा माझ्या मते तिथलाच.

उरलेला अर्धा सालीच्या आतल्या पांढऱ्या भागातून आणि बियांमधून येतो. संत्र्याचा वास सालीच्या वरच्या रंगीत थरातल्या तेलात असतो, तो थर एकदम पातळ आहे, त्याच्याखाली पांढरं लागलं की किसणी थांबवायची. चकत्या सालीसकट पाऊणएक तास ट्रेमध्ये राहिल्या की त्या पांढऱ्या भागातलं कडू हळूहळू चिकनच्या रसात उतरतं. चकत्या दिसायला छान दिसतात हे मान्य, हव्याच असतील तर एकदम पातळ कापा, बिया काढा आणि शेवटच्या पंधरा मिनिटांत ठेवा.

अजून एक गोष्ट जी फारशी कुणी सांगत नाही, संत्र्याचा ताजा रस काढून ठेवला की काही जातींमध्ये तो आपोआप कडू होत जातो. बिनबियांची, टोकाला बेंबीसारखा उंचवटा असलेली ती नेव्हल संत्री असतात ना, त्यांच्यात हे हमखास. पिळल्यावर रसातली आम्लं आणि फळाच्या गरातला एक घटक एकत्र येतात आणि त्यातून लिमोनिन नावाचं कडू द्रव्य तयार होतं, काढल्या काढल्या चाखलं तर गोड लागतं आणि काही तासांनी तोच रस कडवट. म्हणून रस आदल्या दिवशी काढून ठेवू नका, सॉस करायच्या वेळी काढा, आणि पिळताना हात हलका ठेवा, शेवटचा थेंब काढायच्या नादात पांढरं आणि बिया चिरडल्या की संपलं.

आता रस कधी. मी आंबट तीन टप्प्यांत घालतो. पहिला टप्पा सालीचा कीस, तो लोण्यात किंवा तेलात मिसळून चिकनच्या कातडीखाली, कारण सालीतला वास तेलात विरघळतो, पाण्यात नाही. कातडीच्या वर लावलात तर २०० डिग्रीला करपतो म्हणून खाली. दुसरा टप्पा संत्र्याचा रस, तो पॅनमध्ये आटवून सॉसच्या बेसमध्ये, साधारण निम्मा होईपर्यंतच, त्याहून आटवला की ताज्या फळाची चव जाऊन मुरंब्यासारखी चव यायला लागते. आणि तिसरा टप्पा लिंबाचा रस, तो गॅस बंद केल्यावर, अगदी शेवटी. लिंबाचा ताजेपणा उकळीत उडून जातो, नुसता आंबटपणा मागे राहतो, त्यामुळे सुरुवातीला घातलेलं लिंबू आणि शेवटी घातलेलं लिंबू यात खाताना जमीन-अस्मानाचा फरक पडतो.

रात्रभर रसात बुडवायचं काय, तर नको. संत्र्याच्या रसाचा पीएच, म्हणजे आंबटपणाचं माप, आकडा जितका कमी तितकं आम्ल तीव्र, साडेतीन-चारच्या आसपास असतो आणि लिंबाचा दोन-अडीच, म्हणजे लिंबू कितीतरी जास्त तीव्र. आंबट चिकनच्या आत फार शिरतच नाही, वरच्या काही मिलिमीटरमध्येच राहतं, आणि तिथली प्रथिनं इतकी बदलतात की पृष्ठभाग पिठूळ, खडूसारखा लागतो. संत्र्याच्या रसात तासदोन तास चालेल, लिंबाच्या रसात अर्धा तास पुरे. आत खोलवर जातं ते मीठ, म्हणून रात्रभर काही लावायचंच असेल तर मीठ लावा, किलोला १० ते १२ ग्रॅम, आणि चिकन फ्रिजमध्ये खालच्या कप्प्यात, दुसऱ्या कशाला लागणार नाही असं, उघडंच ठेवा. मीठ आत मुरतं, मांस पाणी धरून ठेवतं आणि कातडी वरून कोरडी पडते, कोरडी कातडीच कुरकुरीत होते.

ओव्हनपाशी

मंदआच यांनी सॉसचं इतकं छान लिहिलंय की मी फक्त ओव्हनबद्दल बोलते.

पीस मांडीचेच घ्या, हाड आणि कातडी असलेले. आठ जणांना वाढताना वेळ पुढेमागे होतोच, कुणी उशिरा येतं, कुणाच्या गप्पा संपत नाहीत, आणि मांडीचं मांस दहा मिनिटं इकडेतिकडे झालं तरी बिघडत नाही. ब्रेस्टमध्ये चरबी आणि जोडणाऱ्या ऊती कमी असल्यामुळे ते ठरलेल्या तापमानाच्या थोडं वर गेलं तरी कोरडं पडतं. चिकन सुरक्षित होण्यासाठी सगळ्यात जाड भागात ७४ डिग्री सेल्सियस लागतं, ब्रेस्ट तिथेच थांबवायचं, पण मांडी मात्र ८० ते ८५ पर्यंत न्यावी, तिथे तिच्यातलं कोलॅजन, म्हणजे जोडणाऱ्या ऊतींमधलं चिवट प्रथिन, विरघळून मऊसूत होतं, ७४ ला काढलेली मांडी शिजलेली असते पण चावायला चिवट लागते.

ओव्हन २०० डिग्रीला नीट प्रीहीट करा, पंखा चालू असेल तर १८०. हाडासकट मांडीला ३५ ते ४५ मिनिटं, पण मिनिटांवर भरवसा ठेवू नका, प्रोब थर्मामीटर घ्या आणि टोक हाडाला न टेकवता जाड भागात खुपसा, हाडाला टेकलं की आकडा चुकतो. हाडाजवळ गुलाबी दिसतं म्हणून कच्चं आणि पांढरं दिसतं म्हणून शिजलं असं काही नसतं, हाडातल्या मगजाचा रंग पूर्ण शिजल्यावरही दिसतो. ओटीजी छोटा असेल तर सगळे पीस एका ट्रेमध्ये कोंबू नका, दोन पिसांमध्ये बोटभर जागा हवी, नाहीतर ते एकमेकांच्या वाफेत शिजतात, त्यापेक्षा दोन बॅच करा.

आणि कृपया कच्चं चिकन सिंकमध्ये नळाखाली धुवू नका. धुऊन जंतू जात नाहीत, पाण्याच्या शिंतोड्यांबरोबर ओट्यावर, भांड्यांवर आणि शेजारी ठेवलेल्या त्या संत्र्यांवर उडतात, कॅम्पिलोबॅक्टर आणि साल्मोनेला दोन्ही. त्यांना मारते ती उष्णता. पेपर टॉवेलने टिपून घ्या, तो टाकून द्या, हात साबणाने धुवा. संत्री-लिंबं मात्र साल किसायच्या आधी घासून धुवा, वरती मेणाचा थर असू शकतो.

खमंगदाणे

बदाम की काजू की अक्रोड, यावर मला लिहायचंच होतं.

काजूमध्ये स्टार्च चांगल्यापैकी असतो, बदामात आणि अक्रोडात तो फारच कमी. त्यामुळे काजूची पेस्ट गरम केली की ती स्वतःच दाट होते, सॉस गुळगुळीत, मलईसारखा होतो. बदामाचा सॉस त्या मानाने किंचित रवाळ राहतो, पण भाजलेल्या बदामाचा जो खमंगपणा आहे तो काजूला कधीच येत नाही आणि संत्र्याबरोबर तर बदामच शोभतो. मी स्वतः बदाम मुख्य ठेवून मूठभर काजू टाकते, चव बदामाची आणि पोत काजूचा.

बदाम असे करा. उकळत्या पाण्यात एक मिनिट टाका, गार पाण्यात काढा, साली बोटांनी निघतात. टिपून कोरडे करा, ट्रेमध्ये एका थरात पसरा आणि १६० ते १७० डिग्रीला दहाएक मिनिटं भाजा, ओले असतील तर थोडा जास्त वेळ लागतो. फिकट सोनेरी दिसले की बाहेर काढा आणि लगेच गार ताटलीत ओता, गरम ट्रेमध्ये ठेवलेत तर ते भाजले जातच राहतात आणि आतून काळपट होतात. एक बदाम मोडून बघा, आतला रंग फिकट बिस्किटाचा हवा. मग ते गरम स्टॉकमध्ये, म्हणजे चिकन उकळून गाळलेल्या पाण्यात, दहा-पंधरा मिनिटं उकळून घ्या, मऊ पडले की मिक्सरमध्ये खूप बारीक होतात. ही एक पायरी लोक गाळतात आणि मग सॉस खरखरीत लागला म्हणतात.

अक्रोड मला आवडतात पण या सॉसमध्ये जपून. अक्रोडाच्या सालीत टॅनिन असतात, ते आंबटाबरोबर तुरट-कडू लागतात आणि सॉसला जांभळट करडा रंग येतो. घ्यायचेच असतील तर भाजून स्वच्छ कापडात चोळा, जेवढी साल सुटेल तेवढी झटकून टाका. शिवाय अक्रोड लवकर खवट होतात, त्यांच्यातलं तेल तसं नाजूक असतं, म्हणून पाकीट उघडल्यावर फ्रिजमध्ये किंवा फ्रीझरमध्ये ठेवावेत. आणि कुठलाही सुकामेवा असो, वापरायच्या आधी एक दाणा खाऊन बघाच, खवट दाण्याची चव कितीही संत्रं घाला झाकली जात नाही.

फाटण्याबद्दल. दूध किंवा क्रीम आंबटाने फाटतं ते त्यातल्या केसीन या प्रथिनामुळे, सुक्यामेव्यात केसीन नसतं. पण बदामाच्या प्रथिनांनाही आंबट आणि जोरदार उष्णता एकदम सोसत नाही, पातळ सॉसमध्ये रस घालून खळाखळा उकळलं तर बारीक कण दिसायला लागतात. दाट असेल तर एवढं जाणवत नाही. आणि दुसरी गोष्ट तेल सुटण्याची, बदामात वजनाच्या जवळपास निम्मं तेल असतं, सॉस फार आटला आणि त्यातलं पाणी कमी पडलं की ते तेल वर येतं. त्यावर उपाय एकदम सोपा, दोन-तीन चमचे गरम पाणी किंवा स्टॉक घाला आणि परत मिक्सरमधून किंवा हँड ब्लेंडरने फिरवा, सॉस पुन्हा एकजीव होतो. घाबरून त्यात कॉर्नफ्लोअर घालू नका, चव दबते.

सायसाखर

बापरे, किती छान समजावलंत सगळ्यांनी, मनापासून आभार. मांडीचे पीस आणि बदाम-काजू नक्की झालं. आता दोन शंका, एक म्हणजे सॉस वेगळा केला तर चिकनचा जो रस ट्रेमध्ये सुटतो तो वाया जाणार का, कारण खरी चव त्यातच असते ना. आणि दुसरं, आठ पिसांना सॉस किती लागेल, प्रमाण द्याल का कुणी?

एकाचट्रेत

थोडं वेगळं मत मांडतो. सगळं वेगळं करायलाच हवं असं नाही, ट्रेमध्ये सॉसबरोबर बेक केलेल्या चिकनची मजाही खरी आहे, फक्त ती वेगळी डिश आहे. तिथे कातडी कुरकुरीत मिळणार नाही हे आधीच मान्य करायचं आणि कातडी काढूनच टाकायची. मांडीचे पीस आधी पॅनमध्ये दोन्ही बाजूंनी नीट लालसर करून घ्यायचे, मग काजूचा पातळसर सॉस, त्यात संत्र्याचा रस अगदी थोडा, चिकन अर्धं बुडेल एवढाच ओतायचा, झाकण लावून १७० डिग्रीला पन्नासेक मिनिटं आणि झाकण काढून शेवटची दहा. असं मांस हाडावरून सुटून येतं आणि सॉस त्याच्या आतपर्यंत लागतो. इथे बदामापेक्षा काजू बरे, आणि लिंबू मंदआच म्हणतात तसं शेवटीच, यावर माझं दुमत नाही.

भांडं मात्र काचेचं, सिरॅमिकचं किंवा स्टीलचं घ्या. उघड्या ॲल्युमिनियमच्या ट्रेमध्ये किंवा फॉइलवर आंबट सॉस तासभर राहिला की धातूची चव उतरते आणि फॉइलला बारीक भोकं पडलेली दिसतात. बिडाच्या भांड्यालाही तोच नियम, वर एनॅमल असेल तर चालेल.

मंदआच

एकाचट्रेत यांचं बरोबर आहे, कातडी काढून झाकणात केलं तर तीही उत्तम डिश होते. फक्त सायसाखर यांना आठ जणांना वाढायचंय आणि मला वाटतं कुरकुरीत कातडी आणि मऊ सॉस हा जो विरोध आहे तोच इथे जास्त आनंद देईल.

ट्रेमधला रस वाया घालवायचा नाहीच, उलट सॉस त्याच्यावरच उभा करायचा. चिकन शिजलं की ते ताटात काढून दहा मिनिटं तसंच राहू द्या, झाकू नका नाहीतर वाफेने कातडी मऊ पडते. तेवढ्यात ट्रे तिरका करून वरची पातळ चरबी चमच्याने काढून घ्या, चमचाभर राहू द्या. खाली तपकिरी चिकटलेलं असतं त्यावर पाव कप गरम स्टॉक ओता आणि लाकडी उलथन्याने खरवडा, सगळं सुटून येतं. ते गाळून सॉसमध्ये. ट्रे काळा पडला असेल तर मात्र चाखून बघा, करपलेलं असेल तर एक थेंबही घेऊ नका.

प्रमाण असं धरा, आठ मांड्या म्हणजे हाडासकट सव्वा ते दीड किलो. त्याला बदाम ७० ग्रॅम, काजू ३० ग्रॅम, संत्र्याचा रस २५० मिली, म्हणजे फळाच्या आकाराप्रमाणे तीन-चार संत्री, तो आटवून साधारण १२० मिली. चिकन स्टॉक ३०० मिली, बिनमिठाचा किंवा कमी मिठाचा असेल तर फारच चांगलं कारण आटताना मीठ वाढतं. एक छोटा कांदा, लसणाच्या तीन पाकळ्या, दीड चमचा लोणी, एका संत्र्याच्या सालीचा आणि अर्ध्या लिंबाच्या सालीचा कीस, त्यातला अर्धा चिकनच्या कातडीखाली आणि अर्धा सॉसमध्ये, लिंबाचा रस १५ ते ३० मिली. मिरी ताजी कुटून.

कांदा लोण्यात मंद आचेवर पारदर्शक होईपर्यंत परता, लाल नको, लालसर कांदा गोडवा वाढवतो आणि इथे संत्र्याचा गोडवा आहेच. लसूण घाला, अर्ध्या मिनिटाने स्टॉक आणि भाजलेले बदाम-काजू, पंधरा मिनिटं मंद उकळी. जरा निवू द्या आणि मिक्सरला अगदी बारीक करा, दोन-तीन मिनिटं थांबत थांबत फिरवा, कंटाळा करू नका, सगळा पोत इथेच ठरतो. एकदम उकळतं मिक्सरमध्ये घालून झाकण दाबू नका, वाफेने झाकण उडतं. पुन्हा पॅनमध्ये घ्या, आटवलेला संत्र्याचा रस थोडा थोडा घालत ढवळा, ट्रेमधलं गाळलेलं घाला, गरम करा पण खळाखळा उकळू देऊ नका. गॅस बंद करा, मग सालीचा कीस आणि लिंबाचा रस. लिंबू एकदम सगळं ओतू नका, अर्धं घाला, चाखा, मीठ बघा, मग उरलेलं. बऱ्याचदा सॉस फिका लागतो तेव्हा लोक अजून लिंबू पिळतात आणि खरं तर तिथे मीठ कमी असतं. संत्री फार आंबट निघाली तर छोटा चमचा मध.

वाढताना सॉस खाली आणि चिकन वर, कातडी आकाशाकडे. वरून सॉस ओतलात तर कातडी दोन मिनिटांत मऊ पडते, एवढी मेहनत फुकट. थोडे भाजलेले बदाम जाडसर चिरून वरून घाला, गुळगुळीत सॉसमध्ये काहीतरी कुरकुरीत दाताखाली यायला हवं.

निंबूपान

सगळं वाचलं, फार उपयोगी धागा झालाय. एक सुचवू का, निम्मं संत्रं आणि निम्मं ग्रेपफ्रूट घेतलं तर हलकासा कडसर स्वाद येतो तो बदामाच्या गोडसर चवीला मस्त तोलतो, मला तरी नुसत्या संत्र्यापेक्षा ते जास्त आवडतं. त्यातला कडूपणा नॅरिंजिनचा, तो फळाचा स्वभावच आहे, थोडासा असला तर चांगला लागतो.

ओव्हनपाशी

निंबूपान, चव खरंच छान लागते पण पाहुण्यांसाठी करताना मी ग्रेपफ्रूट टाळीन. ते काही औषधांचा असर वाढवतं, कोलेस्टेरॉलच्या काही स्टॅटिन गोळ्या, रक्तदाबाच्या काही गोळ्या, कारण आतड्यात औषध मोडणारं एक एन्झाइम त्याने अडतं आणि औषध रक्तात जास्त जातं. मुरंब्यासाठी वापरतात त्या कडू-आंबट संत्र्यातही ते द्रव्य असतं. साध्या गोड संत्र्याचा आणि लिंबाचा हा प्रश्न नाही. आठ जणांत कोण काय गोळ्या घेतं आपल्याला कुठे माहीत असतं, आणि सगळ्यांना सांगायलाही आवडत नाही.

आणि सायसाखर, हे फार महत्त्वाचं आहे म्हणून वेगळं लिहिते, पाहुण्यांना आधीच फोन करून विचारा की कुणाला सुक्यामेव्याची ॲलर्जी आहे का. सॉस गुळगुळीत असतो त्यामुळे आत बदाम-काजू आहेत हे नुसतं बघून कळत नाही, हाच धोका. काजू आणि पिस्ता एकाच कुळातले, एकाची ॲलर्जी असली की दुसऱ्याचीही असण्याची शक्यता बरीच, तसंच अक्रोड आणि त्याच्यासारखाच दिसणाऱ्या पेकनचं. कुणी निघालंच तर त्यांच्यापुरता सॉस सूर्यफुलाच्या बियांचा करा, तोही आधी त्यांना विचारूनच, पण मिक्सरचं भांडं, चमचे आणि कटिंग बोर्ड वेगळे हवेत, नुसतं विसळून चालत नाही. आणि तो सॉस आधी करून झाकून ठेवा, बदाम मग काढा.

सायसाखर

हे मी विचारायचं ठरवलंच नव्हतं, बरं झालं सांगितलंत, आजच सगळ्यांना फोन करते. शेवटचं एकच, यातलं शनिवारी काय करून ठेवता येईल? रविवारी सकाळी मला इतर स्वयंपाकही आहे. आणि उरलं तर?

खमंगदाणे

शनिवारी बदाम सोलून भाजून, पूर्ण गार झाल्यावर हवाबंद डब्यात. कांदा-लसूण-स्टॉक-बदाम-काजू वाटून सॉसचा बेससुद्धा करून फ्रिजमध्ये ठेवू शकता, फक्त त्यात संत्रं-लिंबू काहीही घालू नका. फ्रिजमध्ये तो घट्ट गोळ्यासारखा होईल, काजूमुळे, ते साहजिक आहे. रविवारी मंद आचेवर गरम स्टॉक घालत सैल करा, एकदा ब्लेंडर फिरवा, आणि मग ताजा रस आटवून घाला. चिकनला मीठ शनिवारी रात्री. साल किसायची रविवारीच, किसून ठेवली की वास उडतो. रविवारी मग ओव्हनच्या त्या चाळीस मिनिटांत तुम्हाला फक्त रस पिळणं आणि आटवणं उरतं, बाकी मोकळ्या.

उरलं तर सॉस आणि चिकन वेगवेगळ्या डब्यांत, जेवणानंतर दोन तासांच्या आत फ्रिजमध्ये, तीन-चार दिवस चालतं. चिकन ओव्हनमध्येच गरम करा, आतून पुन्हा ७४ डिग्रीला येऊ द्या, मायक्रोवेव्हमध्ये कातडी रबरासारखी होते. सॉस मंद आचेवर, चमचाभर पाणी घालून, आणि पुन्हा थोडं लिंबू पिळा कारण आदल्या दिवशीचा ताजेपणा उतरलेला असतो. सॉस फ्रीझ पण होतो, वितळल्यावर पाणी वेगळं दिसेल, ब्लेंडर फिरवलात की पहिल्यासारखा.

एकाचट्रेत

एक छोटी भर, संत्री शनिवारी आणलीत तर आकाराच्या मानाने हाताला जड लागतील अशी निवडा, ती रसाळ असतात, आणि दोन जास्तीची आणा. एखादं फळ आतून कोरडं किंवा फार आंबट निघतंच, आणि प्रत्येकाचा रस आधी वाटीत काढून चाखून मगच एकत्र करा.